साठ वर्षे एका बैठकीवर : ऑर्गनवादक जॉन स्टॅन्ली

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा पाठ)



सुवर्णमहोत्सवासारख्या मंगल प्रसंगी व्याख्यात्याने कोणता विषय निवडावा, याविषयी आपल्याकडे काही संकेत रूढ झालेले आहेत. संतवाङ्मय, शिवकाल, नाट्यसंगीत किंवा गेला बाजार बृहन्महाराष्ट्राचे प्रश्न, यांपैकी काहीतरी अपेक्षित असते. मी मात्र अठराव्या शतकातील लंडनमध्ये चर्चचा ऑर्गन वाजविणाऱ्या एका गृहस्थांविषयी बोलणार आहे. हा विषय कळविला तेव्हा आपल्या चिटणिसांनी सौजन्याने होकार दिला, पण त्या होकारामागचे प्रश्नचिन्ह काही लपून राहिले नाही. त्या प्रश्नाचे उत्तर प्रथम देणे माझे कर्तव्य आहे.

या निवडीला दोन कारणे आहेत. पहिले असे की, ऑर्गन हा शब्द मराठी माणसाला परका नाही. गंधर्व नाटक मंडळींचे नाव निघाले की रंगमंचापुढे बसलेला ऑर्गनवाला डोळ्यांपुढे उभा राहतो. नांदीचा पहिला सूर त्या पायपेटीतून निघाला की प्रेक्षागृह स्तब्ध होत असे, हे आपल्यापैकी अनेकांनी वडीलधाऱ्यांकडून ऐकले असेल. ज्या वाद्याने आपल्या संगीत रंगभूमीला इतकी साथ दिली, त्याच्या थोरल्या घराण्याची थोडी विचारपूस आपण केली तर ते अनुचित होणार नाही. दुसरे कारण या वर्षाशी निगडित आहे. आपण पन्नास वर्षांचा उत्सव करीत आहोत. एखादे काम एकाच ठिकाणी, खंड न पाडता, पन्नास वर्षे करीत राहणे म्हणजे काय, याचा विचार करू लागलो तेव्हा मला जॉन स्टॅन्ली हे नाव आठवले. त्यांनी लंडनमधील एका चर्चमध्ये साठ वर्षे आणि दुसऱ्या एका चर्चमध्ये बावन्न वर्षे ऑर्गनवादकाचे पद सांभाळले. दोन्ही पदे त्यांच्याकडे मृत्यूपर्यंत राहिली. आणि वयाच्या सुमारे दुसऱ्या वर्षापासून त्यांना डोळ्यांनी जवळजवळ काहीच दिसत नव्हते.

स्टॅन्ली यांचा जन्म १७१२ साली लंडनमध्ये झाला. वडील टपाल खात्यात नोकरीला होते. घर खाऊनपिऊन सुखी होते, पण घराण्यात संगीताची गादी होती असे काही नव्हते. मूल दोन वर्षांचे असताना हातात चिनी मातीचे भांडे घेऊन चालत होते, ते शेगडीपुढच्या संगमरवरी फरशीवर पडले आणि भांडे फुटून डोळ्यांना इजा झाली. दृष्टी गेली ती कायमची. पुढे सातव्या वर्षी वडिलांनी त्याला संगीत शिकविण्यास आरंभ केला, तो केवळ मुलाचे मन रमावे म्हणून. पहिले गुरू जॉन रीडिंग. त्यानंतर लंडनच्या सेंट पॉल्स कॅथीड्रलचे ऑर्गनवादक मॉरिस ग्रीन यांच्याकडे शिक्षण झाले. करमणूक म्हणून सुरू झालेला हा अभ्यास चार वर्षांत पोटापाण्याचा व्यवसाय ठरला. १७२३ साली, अकरा वर्षांचा असताना, ब्रेड स्ट्रीटवरील ऑल हॅलोज चर्चने त्याला वर्षाला वीस पौंड पगारावर ऑर्गनवादक नेमले.

येथे एक योगायोग सांगितल्यावाचून राहवत नाही. कवी जॉन मिल्टन यांचा जन्म याच ब्रेड स्ट्रीटवर १६०८ साली झाला आणि त्यांचे नामकरण याच ऑल हॅलोज चर्चमध्ये झाले. मिल्टन पुढे दृष्टिहीन झाले आणि त्यांनी आपले महाकाव्य दुसऱ्यांना सांगून लिहवून घेतले. १६६६च्या आगीत ते चर्च जळाले आणि नंतर त्याच जागी पुन्हा बांधले गेले. त्या नव्या वास्तूत हा अकरा वर्षांचा अंध मुलगा ऑर्गनच्या बाकावर बसू लागला.

तीन वर्षांनी, १७२६ साली, होबर्न भागातील सेंट अँड्र्यूज या मोठ्या चर्चमधील जागा रिकामी झाली. अशा जागांसाठी लंडनमध्ये मोठी चुरस असे. नेमणूक त्या त्या वस्तीतील प्रतिष्ठित मंडळींच्या हाती असे, त्यामुळे गुणांबरोबर ओळखीपाळखीही चालत. उमेदवार पुष्कळ होते, तरीही निवड झाली ती चौदा वर्षांच्या स्टॅन्लीची. सतराव्या वर्षी, १७२९ साली, ऑक्सफर्ड विद्यापीठाची संगीतातील पदवी त्याला मिळाली. इतक्या लहान वयात ती त्यापूर्वी कोणालाही मिळाली नव्हती. १७३४ साली कायदेपंडितांच्या इनर टेंपल या संस्थेने टेंपल चर्चमधील ऑर्गन स्टॅन्ली यांच्या स्वाधीन केला. वयाच्या बाविसाव्या वर्षी त्यांच्या व्यवसायाची घडी अशी बसली, आणि त्यानंतर बावन्न वर्षांत त्यांनी ती दोन्ही ठिकाणे सोडली नाहीत.

आता हे वाद्य नेमके कसे होते ते पाहू. चर्चमधला ऑर्गन म्हणजे आपली पायपेटी नव्हे. पायपेटीत वाऱ्याने पितळी पत्ती कंप पावते आणि सूर निघतो. मोठ्या ऑर्गनमध्ये वारा नळ्यांत शिरतो, आणि प्रत्येक नळी एकच सूर देते. म्हणून नळ्या शेकड्यांनी मोजाव्या लागतात. एका जातीच्या नळ्यांची एक रांग असते. ती रांग बोलती करावयाची की मुकी ठेवावयाची, हे वादकाच्या दोन्ही अंगांना असलेल्या खुंट्यांनी ठरते. त्या खुंट्यांना स्टॉप म्हणतात. आपल्या पेटीच्या पुढच्या बाजूस ज्या खुंट्या असतात त्या यांच्याच दूरच्या नातलग. एका रांगेचा आवाज गंभीर आणि भरदार, दुसरीचा बासरीसारखा, तिसरीचा तुतारीसारखा खणखणीत. स्टॅन्ली जन्मले त्याच वर्षी, १७१२ साली, लंडन ब्रिजजवळच्या सेंट मॅग्नस चर्चमध्ये जॉर्डन नावाच्या कारागिराने एक नवी युक्ती केली. काही नळ्या त्याने सरकत्या झडपेच्या लाकडी पेटीत बंदिस्त केल्या. झडप हळूहळू उघडली की तोच सूर लहानाचा मोठा होऊ लागे. आणि या सगळ्याला लागणारा वारा? तो माणसाने भाता हलवून पुरवावा लागे. ऑर्गनच्या मागे, कोणाला न दिसता, एक मनुष्य सबंध उपासना चालू असेपर्यंत भाता चालवीत उभा असे. त्याचे नाव कोणत्याही पुस्तकाच्या मुखपृष्ठावर येत नाही.

टेंपल चर्चमधील ऑर्गनला तर एक रंजक इतिहास होता. १६८०च्या दशकात बर्नार्ड स्मिथ आणि रेनेटस हॅरिस या दोन कारागिरांत त्या कामासाठी स्पर्धा लागली. दोघांनीही त्या एकाच चर्चमध्ये स्वतःच्या खर्चाने एकेक ऑर्गन उभारला. स्मिथ यांचा ऑर्गन वाजविण्यास ब्लो आणि पर्सेल यांसारखे दिग्गज आले. हॅरिस यांच्याही बाजूने तोलामोलाचे वादक उभे राहिले. हे भांडण काही वर्षे रेंगाळले. एका रात्री प्रतिपक्षाचे भाते कापून ठेवल्याची आख्यायिकाही सांगतात. अखेर १६८८ साली स्मिथ यांच्या बाजूने निकाल लागला. पराभूत ऑर्गन काढून नेण्यात आला आणि त्याचा काही भाग होबर्नच्या सेंट अँड्र्यूज चर्चमध्ये बसविला गेला, असे जुने इतिहासकार लिहितात. म्हणजे योग पाहा. वादात जिंकलेला ऑर्गन टेंपलमध्ये, हरलेल्याचा अंश होबर्नमध्ये, आणि दोन्ही वाद्ये नांदली ती पुढे एकाच माणसाच्या हाताखाली.

स्मिथ यांच्या त्या ऑर्गनचे आणखी एक वैशिष्ट्य आपल्याला विशेष जवळचे वाटावे असे आहे. त्यात काही काळ्या पट्ट्या मधोमध चिरून दुभागलेल्या होत्या. ज्या दोन सुरांसाठी आज आपण एकच काळी पट्टी दाबतो, ते सूर वस्तुतः किंचित वेगळे आहेत, म्हणून त्या कारागिराने त्यांना दोन पट्ट्या आणि दोन निराळ्या नळ्या दिल्या होत्या. श्रुतींचा प्रश्न आपल्याकडेही पेटीमुळेच ऐरणीवर आला. विसाव्या शतकाच्या आरंभी कृष्णाजी बल्लाळ देवल आणि क्लेमंट्स या इंग्रज अधिकाऱ्याने श्रुतींची पेटी करण्याचा खटाटोप केला, तो याच असमाधानातून. १९४० साली तर आकाशवाणीने पेटीला आपली दारेच बंद केली होती. कानाला जे पटत नाही ते हाताला सोयीचे म्हणून चालवून घ्यावे काय, हा वाद पुण्या-सांगलीपुरता नाही. लंडनमध्येही तो होता, आणि ज्यांचे सर्वस्व कानावर अवलंबून होते अशा वादकाच्या हाती ते दुभागलेल्या पट्ट्यांचे वाद्य आले, ही मला मोठी अर्थपूर्ण घटना वाटते.

ऑर्गनवादकाचे काम दिसावयास साधे असते. भजनांना साथ करावयाची, गायकवृंदाला सूर द्यावयाचा, आणि नेमलेल्या ठिकाणी काही वेळ स्वतंत्र वादन करावयाचे. या स्वतंत्र वादनाला व्हॉलंटरी म्हणत. उपासनेतील शब्द ठरलेले असत, पण हे वादन वादकाच्या इच्छेवर सोडलेले असे. ते तो बहुधा त्या क्षणी सुचेल तसे वाजवी. स्तोत्रे आटोपल्यावर धर्मग्रंथाचे पहिले वाचन सुरू होण्यापूर्वी एक, आणि उपासना संपून लोक बाहेर पडू लागले की दुसरे. आपल्या परिभाषेत सांगावयाचे तर बंदिश धर्मसंस्थेची आणि विस्तार वादकाचा. स्टॅन्ली यांच्या व्हॉलंटरींची सर्वसाधारण घडण अशी की, आरंभी गंभीर नळ्यांवर एक संथ भाग आणि पाठोपाठ जलद लयीचा भाग. या दुसऱ्या भागात एखादा तेजस्वी स्टॉप पुढे येऊन गाऊ लागतो आणि त्याची ओळ दुसरीकडून प्रतिध्वनीसारखी उमटते. त्या काळी इंग्लंडमधील ऑर्गनला पायांनी वाजविण्याच्या पट्ट्या बहुधा नसत, म्हणून ही सारी किमया दोन हातांचीच असे.

या वादनाची कीर्ती अशी पसरली की, टेंपल चर्चमधील उपासना संपताना शेवटचे वादन ऐकण्यास चाळीस-पन्नास ऑर्गनवादक जमलेले दिसत आणि त्यांत कधी कधी खुद्द हँडेल असत, अशी नोंद आहे. आपापल्या चर्चमधील चाकरी उरकून हे लोक लगबगीने तेथे येत असले पाहिजेत. व्यवसायबंधूंनी दिलेली अशी दाद ही सर्वांत अवघड दाद होय, हे गाणाऱ्या-वाजविणाऱ्यांना वेगळे सांगावयास नको.

आता त्यांच्या स्मरणशक्तीविषयी. १७३८ साली त्यांचा विवाह सेरा आर्लंड यांच्याशी झाला. सासरे ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीतील कप्तान होते आणि मुलीबरोबर सात हजार पौंडांचा हुंडा आला. ज्याचा पहिला वार्षिक पगार वीस पौंड होता त्याच्या घरी सात हजार पौंड आले. कंपनीच्या चाकरीत पैसा कोठून येत असे हे या देशात बसलेल्या श्रोत्यांना मी काय सांगावे! परंतु माझ्या दृष्टीने या विवाहाने आलेली खरी संपत्ती निराळी होती. सेराच्या भगिनी ॲन आर्लंड त्यांच्या घरी राहू लागल्या आणि त्यांनी स्टॅन्ली यांच्या लेखनिकेचे काम पत्करले. एखादी नवी रचना बसवावयाची असली की ॲन ती एकदा पेटीजोगत्या तारवाद्यावर वाजवून दाखवीत. दोन-तीन तासांचे संगीत एकदा ऐकले की स्टॅन्ली यांना ते पाठ होई आणि मग ते सबंध वाद्यवृंदाचे व गायकांचे संचालन करीत.

दुसरीही एक गोष्ट सांगतात. हँडेल यांच्या एका स्तुतिगीताला साथ करण्याची वेळ आली तेव्हा तेथील ऑर्गन अर्ध्या सुराने चढा लागलेला आढळला. दुसरी वाद्ये तर आपल्या सुरात लावून तयार. स्टॅन्ली यांनी ती सबंध रचना तेथल्या तेथे अर्धा सूर खाली उतरवून अत्यंत अडचणीच्या पट्टीत, जिथे सातही स्वर तीव्र करावे लागतात अशा पट्टीत, बिनचूक वाजविली. पांढरी चारचे गाणे आयत्या वेळी काळी दोनमध्ये वाजवावयास सांगितले तर पेटीवाल्याची काय अवस्था होते ते आपण जाणतो. त्यावरून या कर्तबगारीची कल्पना यावी.

त्यांच्या हयातीत लिहिल्या गेलेल्या वृत्तांतांत या प्रकारच्या पुष्कळ हकिकती आहेत. टाचणीने खुणा टोचलेल्या पत्त्यांनी ते पत्ते खेळत. बिलियर्ड्स खेळत. वीस वर्षांपूर्वी ऐकलेला आवाज ओळखत. खोलीत पाऊल टाकताच आवाजावरून तिचा विस्तार सांगत. या गोष्टी रंजक आहेत खऱ्या, पण मी येथे थोडा थांबू इच्छितो. अशा हकिकती ऐकल्या की आपण चटकन 'चमत्कार' हा शब्द उच्चारतो आणि मोकळे होतो. चमत्कार म्हटले की आपली विचार करण्याची जबाबदारी संपते. अंध माणसाचे कौतुक करताना तो अंध आहे याचेच कौतुक होते आणि त्याचे काम बाजूस राहते. वस्तुतः सात वर्षांच्या वयापासून ज्या मुलाने प्रत्येक रचना केवळ ऐकून, हाताने चाचपून, पुन्हा पुन्हा घोकून आत्मसात केली, त्याच्या स्मरणशक्तीत दैवी असे काही शोधण्याचे कारण नाही. ती तालमीने कमावलेली वस्तू होती. ब्रेल लिपी त्या काळी नव्हती. लुई ब्रेल जन्मले ते स्टॅन्ली यांच्या मृत्यूनंतर तेवीस वर्षांनी, आणि तेही पुढे पॅरिसमध्ये चर्चचा ऑर्गन वाजवीत असत. तेव्हा स्टॅन्ली यांच्यापुढे एकच मार्ग होता, गुरुमुखातून ऐकणे आणि मनात साठविणे. हा मार्ग आपल्या देशाला नवा नाही. आपले गायनवादन शतकानुशतके याच मार्गाने आले आहे आणि कागदावर न लिहिता टिकले आहे. आपल्या गवयांच्या पाठांतराला आपण चमत्कार म्हणत नाही, मेहनत म्हणतो. तोच मान स्टॅन्ली यांना मिळावा, एवढेच माझे म्हणणे आहे.

हँडेल यांचा आणि त्यांचा संबंध पुढे अधिक जवळचा झाला. १७५०नंतर हँडेल यांचीही दृष्टी गेली. तेव्हा त्यांच्या शल्यवैद्यांनी मदतनीस म्हणून स्टॅन्ली यांचे नाव सुचविले. ते ऐकून हँडेल खदखदून हसले आणि आंधळ्याने आंधळ्याला वाट दाखविली तर दोघेही खड्ड्यात पडतील हे धर्मवचन आपण वाचलेले दिसत नाही, असे त्यांनी वैद्यबुवांना सुनावले, अशी आख्यायिका आहे. विनोद बाजूस ठेवू. १७५९ साली हँडेल निवर्तले, आणि वेशभूषा-नेपथ्याविना बायबलमधील आख्याने गाऊन सादर करण्याची, ज्यांना ओरॅटोरिओ म्हणतात त्यांची, जी परंपरा त्यांनी लंडनमध्ये रुजविली होती, ती चालविण्याची जबाबदारी १७६०पासून जॉन ख्रिस्तोफर स्मिथ यांच्यासह स्टॅन्ली यांनीच उचलली. १७७४पासून टॉमस लिन्ली त्यांचे सहकारी झाले. हँडेल यांना ज्या संस्थेविषयी विशेष आस्था होती त्या लंडनच्या अनाथ बालकांच्या फाउंडलिंग हॉस्पिटलचे स्टॅन्ली १७७० साली विश्वस्त झाले, आणि संस्थेच्या मदतीसाठी दरवर्षी होणाऱ्या 'मेसाया'च्या गायनाचे संचालनही त्यांनी काही वर्षे केले. वाट दाखविणारा अंध होता, पण खड्ड्यात कोणी पडले नाही.

१७७९ साली राजाच्या वाद्यवृंदाचे प्रमुखपद त्यांना मिळाले. त्यांच्या आधी ते पद विल्यम बॉइस यांच्याकडे होते. बॉइस हेही मॉरिस ग्रीन यांचेच शिष्य, आणि त्यांना बहिरेपणाने ग्रासले होते. एका गुरूचे दोन शिष्य, एकाचे कान गेले, दुसऱ्याचे डोळे, आणि दरबारातील एकाच आसनावर दोघे एकामागून एक बसले. नववर्षाच्या आणि राजाच्या वाढदिवसाच्या निमित्ताने स्तुतिगीतांना चाली लावणे हे त्या पदाचे काम. ते स्टॅन्ली यांनी अखेरपर्यंत केले. पण या दरबारी मानाने त्यांच्या नित्यक्रमात फरक पडला नाही. ते राजाचे संगीतप्रमुख झाले तरी होबर्नचे आणि टेंपलचे ऑर्गनवादक राहिलेच.

१९ मे १७८६ रोजी, चौऱ्याहत्तर वर्षांचे असताना, लंडनमध्येच हॅटन गार्डन येथील राहत्या घरी त्यांचे निधन झाले. जवळच असलेल्या सेंट अँड्र्यूज चर्चच्या भूमीत त्यांचे दफन झाले.

त्यांच्या हातून काय उरले याचा हिशेब आता मांडू. व्हॉलंटरींचे त्यांचे तीन संग्रह १७४८, १७५२ आणि १७५४ साली प्रसिद्ध झाले. प्रत्येकात दहा, म्हणजे एकूण तीस. याखेरीज तारवाद्यांसाठी १७४२ साली छापलेल्या सहा रचना, बासरीसाठी काही, ऑर्गन आणि वाद्यवृंदासाठी काही, शिवाय गेय प्रबंध. तीस व्हॉलंटरींपैकी तुतारीच्या स्टॉपवर वाजविण्याच्या काही आजही लोकप्रिय आहेत आणि विवाहसमारंभांत ऐकू येतात. पण साठ वर्षांत रविवार किती येतात? तीन हजारांहून अधिक. त्यांपैकी काही साहाय्यकांनी निभावले असतील असे धरले, तरी त्या माणसाने चर्चच्या छताखाली सुचेल तसे वाजविलेले संगीत हजारोंनी मोजावे लागेल. त्यांतील तीसच कागदावर आले. बाकीचे सारे त्या त्या दिवशी जे तेथे उपस्थित होते त्यांच्या कानांत राहिले आणि त्यांच्याबरोबर गेले.

वास्तूंचीही तीच गत झाली. ब्रेड स्ट्रीटचे ऑल हॅलोज चर्च एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पाडण्यात आले. १९४१ सालच्या बाँबवर्षावात टेंपल चर्चला आग लागली आणि स्मिथ यांचा तो नामांकित ऑर्गन भस्मसात झाला. त्याच वर्षी सेंट अँड्र्यूज चर्चही आतून जळून गेले. ज्या तीन बाकांवर हा माणूस आयुष्यभर बसला त्यांपैकी एकही उरला नाही. तरीपण दोन्ही चर्चे युद्धानंतर पुन्हा उभी राहिली. टेंपलमध्ये जो ऑर्गन आला तो स्कॉटलंडमधील एका सरदारी वाड्यातील होता. सेंट अँड्र्यूजमध्ये फाउंडलिंग हॉस्पिटलच्या उपासनागृहातील सामान आणून बसविले गेले. त्यात हँडेल यांनी त्या संस्थेला देणगी दिलेल्या ऑर्गनची लाकडी चौकट आहे. स्टॅन्ली ज्या अनाथगृहाचे विश्वस्त होते, तेथील ती चौकट त्यांच्या जुन्या चर्चमध्ये येऊन उभी राहिली. वस्तू एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी जातात आणि तेथे नव्याने नांदू लागतात. आपण सर्वच थोडेबहुत असे स्थलांतरित आहोत, म्हणून ही गोष्ट आपल्याला निराळी समजावून सांगण्याची गरज नाही.

मित्रहो, या चरित्राचा बोध काय, असे कोणी विचारील. बोधवचने सांगण्याचा माझा अधिकार नाही. मला जाणवले तेवढे सांगतो. मोठेपणाची आपली कल्पना बहुधा एखाद्या प्रसंगाशी बांधलेली असते. एक मोठी सभा, एक गाजलेला प्रयोग, एक पारितोषिक. ऑर्गनवादकाच्या आयुष्यात असे प्रसंग थोडे. त्याचे मोठेपण रविवारच्या हजेरीत असते. थंडी असो, पाऊस असो, ऐकणारे पन्नास असोत की पाच, त्याने वेळेवर बाकावर बसावे आणि पहिला सूर द्यावा. त्याने तो दिला नाही तर बाकीच्यांना गाता येत नाही. घरापासून दूर असलेल्या माणसांच्या मंडळाचे काम याहून फार वेगळे असते असे मला वाटत नाही. गणेशोत्सवाच्या दहा दिवसांनी मंडळ ओळखले जाते, पण ते जगते ते उरलेल्या दिवसांवर. वाचनालयाची कुलपे वेळेवर उघडणारे, मुलांचे मराठीचे वर्ग चार मुले आली तरी घेणारे, यांच्यावर.

आणि दुसरे असे की, स्टॅन्ली एकटे नव्हते. ऑर्गनच्या मागे भाता चालविणारा अनामिक मनुष्य होता. घरात प्रत्येक रचना त्यांच्यासाठी वाजवून दाखविणाऱ्या ॲन आर्लंड होत्या. या मंडळाच्या पन्नास वर्षांच्या अहवालात अध्यक्षांची आणि चिटणिसांची नामावली आहे, आणि ती असावीच. परंतु सतरंज्या घालणारे, चहाची भांडी विसळणाऱ्या, नाटकाच्या तालमीसाठी आपल्या घराचा दिवाणखाना महिना-महिना मोकळा करून देणाऱ्या ज्या व्यक्ती असतील, त्यांची नावे जुन्या सभासदांना विचारून या निमित्ताने लिहून काढावीत, अशी माझी कार्यकारी मंडळाला नम्र सूचना आहे. ज्यांना ती माहीत आहेत ते आज आपल्यामध्ये आहेत. काही वर्षांनी विचारावयाचे म्हटले तर विचारणार कोणाला? हजारोंपैकी तीसच रचना उरतात हा हिशेब आपण आत्ताच पाहिला.

आपल्या मुलांच्या कानांवर जी मराठी पडते ती पुष्कळशी अशीच न लिहिलेली आहे. आजीची ओवी, वडिलांची म्हण, स्वयंपाकघरातून आलेली हाक. ती पुस्तकात सापडणार नाही. ती ऐकूनच घ्यावी लागते, आणि ऐकू येण्यासाठी कोणीतरी रोज बोलावी लागते. स्टॅन्ली यांना जे काही मिळाले ते कानावाटे मिळाले आणि त्यावर त्यांनी साठ वर्षे निभावली. कान हे वारशाचे फार विश्वासू दार आहे, एवढे जरी त्यांच्या चरित्रातून आपण घेतले तरी एका इंग्रज ऑर्गनवादकाला मराठी मंडळाच्या व्यासपीठावर आणल्याचा दोष मला लागणार नाही.